पाठीमागून काढलेली दृष्ट

अंगठ्याच्या नखाशी बेसनाचा पापुद्रा वाळून बसला होता, आणि तो खरवडता खरवडता बेबीताईंची नजर पुन्हा टीव्हीकडे गेली. शेवेचा सोऱ्या तसाच मांडीशी... पडद्यावरच्या कार्टूनात बर्फ पडत होता, घरोघरी दिवे लागले होते, आणि त्या परक्या गावातले लोक ड्रॅगन पाळून होते – अंगणात, चुलीपाशी, आपल्याकडे म्हशी असाव्यात तसे. सणाला म्हणे सगळे ड्रॅगन घरी परततात.

“आजी, हे हिरवी मोठी आई हाय ना, हे नागसेनमामानं काढली,” मयुरी म्हणाली. लेकीची लेक, दिवाळीच्या सुट्टीत अमडापूरला आलेली. “माया आईले सांगतलं त्यानं फोनवर.”

बहिणीला सांगतो. आईला नाही... आईचा फोन म्हणजे बापाचाही फोन, घरात एकच तर आहे. ‘चित्रं काढून पोट भरते काय बे? जाय, पण मंग इकडे तोंड दाखवू नको,’ पंजाबराव म्हणाले होते, आणि मी? मी भाकरी थापत राहिले. तो निघाला त्या दिवशी शेजारच्या सहदेवची मोटारसायकल होती. चिखलीच्या स्टँडपर्यंत नागसेन चालवणार, येताना सहदेव. गाडी सुरू झाली तेव्हा कुठे मी दाराआड आले. ह्यांना दृष्टबिष्ट खपत नाही, धम्माच्या घरात हे थोतांड कशाला म्हणतात, म्हणून चोरूनच – त्याच्या पाठीवरून दोन्ही हात ओवाळले आणि कानशिलांवर बोटं मोडली. कडाकडा वाजली मेली सगळी! पण गाडीच्या आवाजात कोणाला ऐकू जाणार... तो वळला नाही. आई साधी दारातही आली नाही, एवढंच घेऊन पोरगं गेलं, ही गोष्ट बेबीताईंच्या काळजात रुतून बसली होती. त्याला कळलं असतं तर तो आला असता, असं त्या स्वतःला सांगत आल्या होत्या.

पडद्यावर ड्रॅगनचं पोर रुसून निघालं होतं. बाप पाठ करून बसलेला. जाता जाता पोर तळ्याकाठी थांबलं, पाण्यात वाकलं – आणि पाण्यात, त्याच्या मागे, खडकाआड लपलेली हिरवी आई दिसली. तिनं पंजे उचलले, पोराच्या पाठीवरून ओवाळले, मग आपल्याच कानशिलांवर नखं मोडली.

“हे काय करून राह्यली व आजी ते?” मयुरीला हसू आवरेना.

आरसा... गाडीला आरसा असतो.

“मांगं घे,” बेबीताई म्हणाल्या. “पुन्हा दाखव मले.”

पुन्हा पाणी, पुन्हा पंजे. पोराचे डोळे भरून आले. पण ते वळलं नाही. पंख पसरून निघून गेलं.

“काऊन रडून राह्यली?” पंजाबराव दारात उभे होते. चष्मा हातात, नजर पडद्यावर. त्यांनी किती पाहिलं कोण जाणे.

“सणाले येते ना ते वापस,” मयुरी घाईघाईनं म्हणाली. “पुढं पाह्य ना, आजी.”

“नाही. राहू दे तिथंच,” बेबीताई म्हणाल्या.

त्यानं पाहिलं होतं. म्हणजे हे सगळं माहीत असून तो आला नाही... इतकी वर्षं मी त्याच्या न येण्याचं एक कारण जपून ठेवलं होतं, आणि आता तेही माझ्याजवळ राहिलं नाही.