तीन पुस्तकांचा एक नकाशा

पाण्याच्या टाकीभोवती समोच्च रेषेचं एक बंद कडं आहे. नकाशावर ते मसुराच्या दाण्याएवढं दिसतं. त्याचा अर्थ इतकाच, की तिथली जमीन आजूबाजूपेक्षा उंच आहे. भूमापन खात्यात असताना ती उंची मी स्वतः मोजली होती, त्यामुळे तिच्याबद्दल मला शंका नाही. बेकरीच्या अंगणाभोवती असं काही नाही. तिथे रेषा दूरदूर आहेत. जमीन सपाट, थोडी खोलगटच.

हे कडं ठेवायचं की पुसायचं, एवढ्यासाठी नकाशा माझ्या टेबलावर पडून होता, आणि प्रकाशकांचे फोन थांबत नव्हते.

"बाई, तीन पुस्तकं तुमच्या एका कागदासाठी उंबरठ्यावर ताटकळत बसलीत. आत घ्या की बिचाऱ्यांना!"

तिन्ही पुस्तकं एकाच वर्षाची होती. आमच्या शहराला वेढा पडला त्या वर्षाची. नगराध्यक्षांच्या जुन्या चिटणिसांनी राजकारण लिहिलं होतं: कोण कोणाला भेटलं, कोणी शब्द फिरवला. बेकरीवाल्या ताईंनी त्या वर्षातलं जगणं लिहिलं होतं. आणि लढाई लिहिली होती माझ्या काकांनी. पुलाच्या रक्षणासाठी ठेवलेली विमानविरोधी तोफ त्यांच्या हाताखाली होती. तिन्हींच्या पुठ्ठ्याच्या आत एकच नकाशा चिकटवायचा, ही प्रकाशकांची कल्पना. चिटणिसांचं पुस्तक निदान नकाशासाठी तरी लोक उघडतील, असं ते म्हणत.

काकांच्या पुस्तकात एक वाक्य आहे: 'तोफेसाठी बेकरीचं अंगण निवडलं, कारण शहरातली तीच सर्वांत मोकळी जागा होती.' त्या अंगणात तोफेची खूण करताना माझा हात थांबला. अंगणाच्या पूर्वेला भट्टीचं उंच धुराडं होतं. आकाशाचा एक तुकडा त्याच्यामागे झाकला जात असणार. विमानं त्याच बाजूने आली, असं काकाच पुढच्या पानावर लिहितात. तोफेवर टाकलेला बॉम्ब भट्टीवर पडला. आत ताईंचा थोरला भाऊ पाव काढत होता.

टाकीपासून मात्र चारी दिशा मोकळ्या दिसतात. टाकीच्या पायथ्याशी एकच घर आहे. आमचं.

मी काकांना नकाशातल्या टाकीभोवतीच्या कड्याबद्दल सांगितलं आणि सरळच विचारलं. ते खिडकीशी बसून आपल्या पुस्तकाची मुद्रितं वाचत होते. अक्षरं दिसत नाहीत, पण भिंग घेतील तर शपथ.

"धुराडं तुम्हाला तेव्हा दिसलं नव्हतं का?"

"तेव्हा माझे डोळे शाबूत होते, मोजपट्टे." लहानपणापासून ते मला मोजपट्टीच म्हणतात. मुद्रितं त्यांनी मांडीवर ठेवली. "घरात ओली बाळंतीण होती. वहिनीला जिना उतरायचीही ताकद नव्हती. तोफ असते तिथे बॉम्ब पडतात, हे तिथे दुसऱ्या कोणाला नसलं तरी मला माहीत होतं. अजून काय ऐकायचंय?"

ऐकायचं काही उरलं नव्हतं. ते बाळ मी होते.

"ते कडं काढून टाक," काका म्हणाले. "राईचा पर्वत कशाला करतेस?"

"पर्वत नाही, टेकाडच आहे. पण आहे."

"झाकली मूठ सव्वा लाखाची. ती उघडून बेकरीवालीचा भाऊ परत येणार आहे का?"

मी कडं पुसलं नाही, आणि ठेवते असंही म्हटलं नाही. बाकीच्या सगळ्या रेषांवर शाई चढली. तेवढीच एक पेन्सिलीत राहिली. खात्यात खोटी उंची लिहिणाऱ्याला मी धारेवर धरत असे. इथे खोटं लिहायचंच नव्हतं, नुसतं लिहायचं नाही की झालं. काकांनी जागा निवडली तेव्हा मला कोणी विचारलं नव्हतं, असं मी मनाला बजावत होते. ते खरंच होतं. पण त्या निवडीवर जगले ती मीच, आणि बेकरीत गेले की ताई माझ्या पिशवीत एक पाव जास्तीचा टाकतात, तोही मी मुकाट्याने घरी आणते.

काल दुपारी ताई आल्या. काका खिडकीशी होतेच.

"काय साहेब, लढाई संपली की चालूच आहे?"

"मुद्रितशोधकाशी चालू आहे," काका म्हणाले. "शत्रू परवडला."

ताई हसत माझ्या टेबलाशी आल्या. त्यांच्या हातात शेवटच्या प्रकरणाची पानं होती.

"तुझ्यावर लिहिलंय, ऐक. 'त्या वर्षात आमच्या गल्लीपर्यंत एकच चांगली बातमी आली. टाकीखालच्या घरात मुलगी झाली. आईने राखून ठेवलेल्या पिठाचा पाव करून पाठवला.' आमच्याकडे तुला वेढ्यातलं बाळच म्हणायचे, ठाऊक आहे ना?"

मी मान हलवली.

"आणि हे पुढचं. 'माझा भाऊ गेला, कारण तोफ आमच्या अंगणात होती, आणि ती दुसरीकडे कुठे ठेवता आलीच नसती.' हे साहेबांनीच आईला सांगितलं होतं. स्वतः घरी येऊन. आई त्याच एका वाक्यावर जगली बघ. आमचं अंगण होतं म्हणून पूल वाचला, म्हणायची. म्हणून म्हणते, नकाशात बेकरीची खूण जरा ठळक कर. लाल नको, भडक दिसेल. काळीच, पण ठळक."

काका खिडकीबाहेर बघत होते. बाहेर बघण्यासारखं काही नव्हतं.

ताईंनी चष्मा पुसला आणि त्या नकाशावर वाकल्या. पूल सापडला, शाळा सापडली. बेकरीवर त्यांनी बोट ठेवलं आणि काही वेळ तसंच ठेवलं. मग ते बोट रस्त्यारस्त्याने टाकीपर्यंत गेलं.

"हे तुमचं घर. आणि हे काय गं? पेन्सिलीतलं काहीतरी राहिलंय. एवढा सुरेख कागद, त्यावर डाग कशाला?"

त्यांनी माझं खोडरबर उचललं. काका वळले.

"पुस, पुस," ते म्हणाले. "तिच्या लक्षात आलं नसेल."

ताईंनी डाव्या हाताने कागद दाबून धरला. त्या बोटांवर भट्टीचे जुने डाग आहेत. त्यांच्या आईने राखून ठेवलेलं ते पीठ किती असेल, हा विचार माझ्या मनात का आला, सांगता येत नाही. मी त्यांचं मनगट धरलं.

"अगं, काय झालं?"

"तो डाग नाही, ताई." मी काकांकडे पाहिलं. "काका, टेकाड नकाशात राहील. का राहील, ते ताईंना तुम्ही सांगा. नाहीतर मी सांगते."