घरी आलेला कोच

डोंगराआड डोंगर, त्या डोंगराआड खोरं, आणि खोऱ्याच्या टोकाला लोरीनचं घर. पूर्व केंटकीतल्या त्या वाटेचं वळण न् वळण वेंडेल स्टिडमला ठाऊक होतं. अशा किती वाटा त्याच्या गाडीखालून गेल्या होत्या! जन्मभर त्यानं एकच काम केलं. उंच हाडाची, चपळ हाताची पोरं हेरायची, त्यांच्या आयांच्या स्वयंपाकघरात बसायचं आणि सोयरीक जुळवावी तसं पोर कॉलेजच्या बास्केटबॉल संघासाठी मागून आणायचं. लोरीनचा एझ्राही असाच मागून आणलेला. कॉलेजं बदलली, मुख्य कोच बदलले; वेंडेल सहाय्यकच राहिला. स्पर्धा जिंकली की विजयाची खूण म्हणून मुख्य कोच शिडीवर चढून बास्केटची जाळी कापायचा, आणि खाली शिडी धरून उभा असायचा तो वेंडेल.

या धंद्याची रीतच होती: गोड बातमी मुख्य कोच देणार, कडू सहाय्यकानं सांगायची.

त्या वसंतात म्हाताऱ्या गेन्स कोचला काढलं आणि ब्रेडन हॉल्ट आला, वेंडेलच्या मुलाच्या वयाचा. नवा आला की जुन्या सहाय्यकांनी सामान बांधून निघायचं, हेही ठरलेलंच. पण हॉल्टनं वेंडेलला आत बोलावलं.

"तुला ठेवतोय मी, वेंडेल. हे डोंगर तुझ्याइतके कुणाला माहीत नाहीत. फक्त एझ्राची जागा मोकळी कर. मी हेरलेला एक पोरगा टेक्सासहून येतोय. एझ्राला तूच सांग, तुझं ऐकतो तो."

"त्याच्या आईला मी शब्द दिलाय, साहेब. शिक्षण पुरं होईपर्यंत..."

"तू दिलायस. मी नाही."

वेंडेल गप्प राहिला. त्या गप्प राहण्याचा हॉल्टनं होकार केला, आणि वेंडेलनं तो होऊ दिला. केस पिकलेल्या सहाय्यकाला दुसरं कोण दारात उभं करणार? जुन्या ओळखी धुंडाळून त्यानं नेब्रास्कातल्या एका छोट्या कॉलेजात एझ्रासाठी जागा मिळवली. मग ठरवलं, पोराच्या आधी आईला सांगायचं. आणि फोनवर नाही, समोर बसून. येतोय एवढंच कळवलं आणि निघाला.

तिथंच तो चुकला. पोर सोडायचं असेल तर फोन येतो. कोच घरी येतो तो काही मागायला, नाहीतर काही द्यायला. खोऱ्यातल्या शेंबड्या पोरालाही हे कळतं.

लोरीन दारात उभी होती, चर्चला जायचा निळा झगा घालून. टेबलावर शिजवलेल्या घेवड्याचं पातेलं, मक्याचा पाव, तळलेली सफरचंदं. तिची थोरली बहीण ओपल त्याच्या मागोमाग गाडीनं आली आणि खुर्चीत ऐसपैस बसली.

"या, कोच! किती वाळलात हो," ओपल म्हणाली. "त्या कॉलेजात जेवायला घालतात की नुसत्या शिट्ट्या चघळायला देतात?"

"ओपल, गप गं. बसा, कोच. मागच्या वेळच्याच खुर्चीत बसा." लोरीनच्या चेहऱ्यावर ऊन पडल्यासारखं झालं होतं. "मी हिला म्हटलं, गेन्स गेले म्हणजे आता आपल्या कोचला मोठी खुर्ची मिळणार. खरं ना? तेच सांगायला आलात ना?"

वेंडेलनं तोडलेला पावाचा तुकडा परत ताटात ठेवला.

"लोरीनबाई, तसं नाही. नवीन कोच आलाय. त्याला एझ्राच्या जागी दुसरा हवाय. जागा गेली म्हणजे कॉलेज भरत होतं ती फीसुद्धा... पण मी नेब्रास्कात बोललोय. चांगली माणसं आहेत. खेळेल, शिकेल."

या बाईचा नवरा खाणीनं नेला होता. पोर देताना तिनं दोनच गोष्टी मागितल्या होत्या: मला गाडीनं जाऊन बघता येईल इतकं जवळ असू द्या, आणि तुम्ही त्याच्यापाशी राहा.

"नेब्रास्का," ती म्हणाली. "तिथं डोंगर तरी आहेत का?" मग तिनं मान वर केली. "आणि तुम्ही? तुम्हाला पण काढलं?"

"नाही."

"म्हणजे तुम्हाला ठेवलं."

आवाज चढला नाही, शिवी आली नाही. आली असती तर वेंडेलला बरं वाटलं असतं.

"मी आज संध्याकाळी त्याला सांगतो," तो पुटपुटला.

"तुम्ही नका सांगू. मी सांगते."

"ते माझं काम आहे, लोरीनबाई."

"माझं पोर मला माहीत आहे. तुमच्या तोंडून ऐकलं तर तो तुमचीच समजूत काढत बसेल. त्याचं रडणं राहून जाईल. ते तरी त्याला मिळू दे."

ती फोन घेऊन आतल्या खोलीत गेली. दार लोटलं, पण पुरतं लागलं नाही.

वेंडेल उठून अंगणात आला. त्याच्या गाडीमागे ओपलची गाडी आडवी उभी होती. ओपलही बाहेर आली आणि पायरीवर बसली. किल्ली तिच्या मुठीत होती.

"जरा गाडी काढता, ओपलबाई?"

"काढते की. घाई काय आहे? मागायला आलात तेव्हा चांगले अंधार पडेस्तोवर बसला होतात. आताही बसा. ऐका."

तो बसला नाही. उभ्या उभ्याच त्यानं ऐकलं. आतून लोरीनचा आवाज येत होता, तान्ह्याला थोपटावं तसा, हळू, एका लयीत. "हो रे बाळा... नाही रे, तुझं काही चुकलं नाही... लांब आहे, हो. मी येईन. बसनं येईन मी..." मग नुसतं "हं. हं. रड तू." समोरच्या उतारावर रानचेरीची झाडं पांढरी फुलली होती, वेंडेल त्यांच्याकडे बघत राहिला आणि त्याला एकही फूल दिसलं नाही.

दार उघडलं. लोरीन बाहेरच्या जाळीच्या दाराआड उभी राहिली, फोन छातीशी धरून.

"विचारतोय," ती म्हणाली, "कोच काही खाऊन निघाले का."

आयुष्यभर इतक्या आयांशी बोललेला माणूस; त्याला एक हो की नाही सांगता येईना.

"खाल्लं म्हणून सांग," ओपल म्हणाली, आणि गाडी काढायला उठली.