तो कुठे बसला होता

कोर्टाच्या व्हरांड्यातल्या बाकाच्या रेक्झिनला भोक पडलं होतं आणि त्यातून पिवळा फोम डोकावत होता — बसल्या बसल्या कुणीकुणी कुरतडून त्याचा चुरा केलेला. तिनंही नखानं एक कण काढला, आणि हा हलका माल आहे, लवकर चेपणारा, हे तिला कळलं. कळलं म्हणजे नवऱ्याच्या आवाजात कळलं. तोंडात खिळे धरून, ओठांच्या फटीतून बोलायचा तो — वरून चकचकीत, आतून भुस्सा...

"ऐकताय ना?" वकील म्हणाले. "परत एकदा. तुमचे मिस्टर टेम्पोत कुठे बसले होते?"

"केबिनमध्ये."

"कुणाच्या शेजारी?"

"ड्रायव्हरच्या."

"आणि सोफा?"

"मागे. सोफा मागे होता."

"शाबास. विचारल्याशिवाय एक शब्द जास्त बोलायचा नाही."

इतकं साधं होतं ते. आपला माल पोचवायला निघालेला कारागीर केबिनमध्ये बसलेला असेल, तर विमा कंपनी भरपाई देणार. मागे, मालाच्या हौद्यात बसलेला असेल, तर कंपनी हात वर करणार. मग उरतो टेम्पोचा मालक, आणि त्याच्याकडे त्या चेपलेल्या टेम्पोखेरीज काही नाही. अपघातात ड्रायव्हरही गेला होता. दोघं रस्त्यावरच सापडले होते, कोण कुठून फेकला गेला ते सांगणारं कुणी नाही. निघताना पाहिलेली ती एकटी.

आणि तो मागे बसला होता.

सोफ्यावर. नव्या सोफ्यावर पहिल्यांदा बसायचं ते त्यानंच, आणि तेही चालत्या टेम्पोत. धक्के खाल्ल्याशिवाय स्प्रिंग बोलत नाही म्हणायचा. दुकानात शहाण्यासारखी गप्प राहते आणि गिऱ्हाईकाच्या घरी पाहुण्यांसमोर कुरकुरते. म्हणून वाटभर या टोकापासून त्या टोकापर्यंत सरकत, कान देत जायचा. त्या सकाळीही... प्लास्टिकमध्ये गुंडाळलेला हिरवा सोफा, त्यावर तो, हात पसरून, आणि वळणावर तो काहीतरी ओरडून म्हणाला. इंजिनाच्या आवाजात ऐकू आलं नाही. नुसते ओठ हलले. तिच्या हातात ओलं फडकं होतं, तिनं तेच हलवलं, आणि मग टेम्पो वळला.

"तोंड असं का केलंयस?" शेजारी बसलेल्या सासूबाई म्हणाल्या. "पाणी पी."

"आई, ते मागे —"

"मला सांगतेस? मी जन्म दिलाय त्याला. सोफ्यावर बसून निघाला की मी म्हणायचे, वरात निघाली का रे तुझी, बायकोला तरी सांगितलंस का?" त्या हसल्या आणि हसू तसंच चेहऱ्यावर विसरल्या. "जन्मात कधी पुढे बसला नाही मेला. पण त्या दिवशी बसला होता. कळलं? पोरीची शाळा आहे, डोक्यावर भाड्याचं छप्पर आहे. त्यालाच विचारलं असतंस ना, तर म्हणाला असता, थांब गं, सरकतो पुढे."

सरकतो पुढे.

पण तो सरकत नव्हता, सुरुवातीला तरी. ती तोंडानं केबिन म्हणायची आणि तो आत, आपल्या जागी, सोफ्यावरच असायचा. मग वकील म्हणाले, नुसतं पाठ करू नका, डोळ्यांसमोर आणा, म्हणजे अडखळणार नाही. म्हणून भांडी घासताना, पोरीची वेणी घालताना ती चित्र जुळवत बसली. आधी केबिनचं दार. मग दार लागल्याचा आवाज. मग खिडकीची काच, आणि तिच्यातून बाहेर आलेलं कोपर, दुमडलेली बाही... फक्त कोपर. चेहरा येईना. चेहरा मागेच राहिला होता. आणि मग एके दिवशी, कणीक मळताना की कपडे वाळत घालताना, तोही पुढे आला, न बोलावता.

पुकारा झाला.

कंपनीचे वकील म्हातारे होते, त्यांना सर्दी झाली होती, आणि ते चांगले वाटत होते, हे वाईट. "ताई," नाक पुसत ते म्हणाले, "तुम्ही स्वतः पाहिलंत?"

"हो."

"केबिनमध्ये बसताना?"

"हो. ड्रायव्हरच्या शेजारी."

"निघताना काही बोलले का तुमच्याशी?"

हा प्रश्न तयारीत नव्हता. तिच्या वकिलांचं पेन थांबलेलं तिला दिसलं. नाही, एवढं म्हटलं की सुटलीस, नाही म्हण —

"काच खाली केली," ती म्हणाली, "आणि म्हणाले, दार लावून घे."

जीभ अडखळली नाही. आवाज तिचाच, पण शब्दांच्या मागे त्याचा होता, खिळे तोंडात नसतानाचा, मोकळा, थोडा घाईतला. म्हाताऱ्या वकिलांनी तिच्याकडे क्षणभर पाहिलं, मान खाली घातली, आणखी काही विचारायचं नाही म्हणाले.

बाहेर व्हरांड्यात तिचे वकील खुशीत होते. "ते दाराचं कुठून सुचलं हो? उत्तम!" पुढची तारीख सांगून ते दुसऱ्या पक्षकाराकडे वळले. जिन्यावर सासूबाईंनी तिचा दंड धरला, आधाराला म्हणून, आणि हलक्या आवाजात म्हणाल्या, "आता मला खरं सांग. काय म्हणाला गं तो जाताना?"

ती थांबली. ते वळण आणलं समोर, ओलं फडकं आणलं, हिरवा सोफा आणला. प्लास्टिकवर ऊन पडलं होतं, त्यावर कुणीही बसलेलं नव्हतं. इंजिन चालू होतं. ओठ शोधले — ज्यांतून काहीतरी आलं होतं, मला, फक्त मला सांगायचं म्हणून — तर ते पुढच्या खिडकीत होते, आणि स्वच्छ ऐकू येत होतं.

"दार लावून घे," मी म्हणाले.

"हो," सासूबाईंनी पदरानं डोळे पुसले. "तसंच म्हणायचा."

म्हणायचा का? मी आठवायला लागले. त्याच्या आदल्या दिवशी गेले, पोरीच्या जन्माच्या वेळी गेले, अगदी सुरुवातीला, तो मला पहिल्यांदा दुकान दाखवायला घेऊन गेला होता तिथवर गेले... दाराशी टेम्पो उभा होता. आणि तो केबिनमध्ये होता, कोपर बाहेर काढून, माझ्याकडे बघत.