पान म्हणजे पाव

“ओव्हन कुठे आहे?” सत्तरीतल्या निशिओ-साननी विचारलं.

टोकियोजवळच्या उरायासुच्या कम्युनिटी सेंटरमधल्या त्या खोलीत पाच बायका ॲप्रन बांधून उभ्या होत्या. समोर कौमुदी, हातात टोकाला रबर लावलेल्या दोन काठ्या. शेजारी तिची स्टीलपॅन: पिंपाचा तळ ठोकून, खोलगट करून त्यातून सूर काढलेलं वाद्य. वाजवणारे त्याला नुसतं पॅन म्हणतात. जपानीत त्याचं होतं ‘पान’, आणि पान म्हणजे पाव. कौमुदीने पत्रकावर ठळक लिहिलं होतं, ‘पान वर्ग. नवशिक्यांचं स्वागत.’ करायला गेली गणपती आणि झाला मारुती.

जुने विद्यार्थी बदल्यांमुळे पांगले होते. आज वर्गाला निदान पाच नावं नोंदली गेली नाहीत तर ही खोली जाणार होती. कौमुदीने वाकून वाकून माफी मागितली, मग वाजवून दाखवलं. बायकांनी मनापासून टाळ्या वाजवल्या, ॲप्रनच्या घड्या केल्या, आणि चौघी गेल्या.

निशिओ-सान थांबल्या. “यातून पाव नाहीच निघणार?”

“नाही.”

“बरं झालं. घरी एकटीला संपत नाही तो.”

ऑफिसातल्या माणसाने अतिशय नम्रपणे, म्हणजे ठामपणे, पुढच्या महिन्यापासून खोली नाही असं सांगितलं. तेवढ्यात नवऱ्याचा, गुणवंतचा फोन आला.

“किती जण आले गं?”

“पाच. चार गेल्या. त्यांना पाव भाजायला शिकायचं होतं.”

“तरी म्हटलं होतं, प्रिंट काढायच्या आधी मला दाखव.”

“दाखवलं होतं. तू ‘मस्त’ म्हणालास.”

“मग आता?”

“घरी शिकवीन.”

“अगं, वाद्य वाजवायचं नाही असं घराच्या ॲग्रीमेंटमध्येच आहे!”

फोन ठेवल्यावर तिला रडू आलं. नवऱ्याच्या नोकरीपायी ती या देशात आली होती. इथे तिचं स्वतःचं म्हणावं असं एवढंच होतं.

मंगळवारी निशिओ-सान घरी आल्या. कौमुदीने खिडक्या लावल्या, पॅनखाली रजई घातली.

“काठ्या?”

“नकोत. बोटांनी.”

निशिओ-साननी बोट टेकवलं. सूर इतका बारीक आला की दोघींना खाली वाकावं लागलं. भिंतीपलीकडच्या वॉशिंग मशीनचा आवाज त्याहून मोठा होता.

“चुकलं,” कौमुदी कुजबुजली. “पुन्हा.”