तिसऱ्या साडीचा सिद्धांत

"लिही पोरी, ही बाई तिसरीच घेणार," धरणेंद्रअण्णा रचनाच्या कानाशी पुटपुटले आणि समोरच्या गिऱ्हाइकापुढे दुसरी साडी उलगडली.

रचनानं लिहिलं. ती मानसशास्त्राच्या एम.ए.ला होती. माणसं निवड कशी करतात, या प्रकल्पासाठी आठवडाभर शहापूरच्या या साडीच्या दुकानात गादीच्या कोपऱ्यावर बसत होती. अण्णा या गादीवर चौतीस वर्षं साड्या दाखवत आले होते आणि त्यांचा सिद्धांत तयार होता. पहिली साडी डोळ्यांना सवय व्हायला, दुसरी नाक मुरडायला, तिसरी घरी न्यायला.

मालक अतुलला मात्र गादी काढून साड्या हँगरला लावायच्या होत्या. "अण्णा, बायका आपल्या हातानं बघून घेतील. तुम्ही दाखवताय म्हणून खपतात, असं हिच्या वहीत दिसलं, तर गादी ऱ्हायली," त्यानं सांगून टाकलं होतं.

बाईनं पाचवी साडी घेतली.

"घरात लगीन असंल," अण्णा म्हणाले. पुढचीनं सहावी घेतली, तर तिच्यासंगं सासू होती. त्यापुढचीनं पहिलीच उचलली, तर तिला बसची घाई होती. सिद्धांत काही हरत नव्हता, दरवेळी गिऱ्हाईकच चुकत होतं.

शनिवारी रचनानं बेरीज केली. साठजणींपैकी अकराजणींनी तिसरी नेली होती. अण्णांचा चेहरा उतरला. चौतीस वर्षं छातीठोकपणे सांगितलेलं खोटं ठरलं आणि वर गादीही चालली. त्यांनी घडी घातलेली साडी उगाच मोडून पुन्हा घडी घातली.

"थांबा की अण्णा," रचना म्हणाली. "तुमच्या सिद्धांतापायी मी नंबर मोजत बसले. पण गंमत म्हणून एक रकाना जादा आखलावता. तुम्ही कुठली साडी स्वतःच्या खांद्यावर घेऊन आरशापुढं हुबं ऱ्हाताय त्याचा. साठातल्या सत्तेचाळीसजणींनी तीच नेलीय."

अतुलनं वही दोनदा वाचली. मिशीवाल्या अण्णांच्या खांद्यावरचा पदर आठवून त्याला हसू आलं. "हँगर काय पदर घेऊन दाखवणार न्हाय. ऱ्हाऊ दे गादी," तो म्हणाला.

अण्णांनी खुशीत सगळ्यांना चहा सांगितला. रचनाचं मात्र संपलं नव्हतं.

"पण खांद्यावर कुठली घ्यायची, हे कसं ठरवताय?"

"ठरवतोय कुठं? हाताला येईल ती."

"न्हाय अण्णा. दरवेळी गडद रंग आणि बोटभर काठ. रुंद काठाची एकदाबी न्हाय."

अण्णांनी कप खाली ठेवला. त्यांच्या बायकोला, ब्राह्मीला, रुंद काठ खपत नसे. काठच दिसतोय, बाई कुठं दिसत्या, म्हणायची. दर दिवाळीला ते तिची साडी घरी नेत आणि आधी स्वतःच्याच खांद्यावर टाकून तिला हसवत. ती जाऊन सहा वर्षं झाली होती. हे आपल्या हातांना ठाऊक होतं आणि आपल्याला नव्हतं, या विचारानं अण्णांना भरून आलं.

"कारण काय लिहू, अण्णा?"

"ते नगं लिहूस बाळ. मोकळंच ठेव."

तेवढ्यात एक बाई आली. अण्णांनी जांभळ्या रंगाची, बारीक काठाची साडी खांद्यावर घेतली, पदर नीट सावरला आणि आरशापुढे उभे राहिले.

"हीच द्या," बाई म्हणाली.

"देतो, आक्का," अण्णा म्हणाले. पण पदर त्यांनी लगेच उतरवला नाही.