आमचे हे चढाईला

कुणाचा विश्वास बसणार नाही, आणि बसूही नये, पण लग्नाला दहा वर्षं झाल्यावर मी माझं नाव बायकोच्या तोंडून पहिल्यांदा साधंसरळ ऐकलं, आणि माझ्यामागोमाग ते सबंध महाराष्ट्रानं ऐकलं. टीव्हीवर!

केरू, हसू नको. तुझ्या बापाकडं तेव्हा टीव्ही नव्हता हा माझा दोष आहे का?

ही चांगुणा शेजारीच बसलीय, शेंगा सोलत. ती मध्ये बोलायची नाही. सगळी उमर माईकवर बोलण्यात गेली, त्यामुळं घरात बोलायचं खातं माझ्याकडं आलंय.

तर हिचं माहेर सटाण्याकडचं. तिथं खळ्यावर उभं राहून ही लांब चरायला गेलेल्या बैलांना हाक मारायची. बैल यायचे. नुसते हिचे नाही, शेजारच्या गावचेसुद्धा. संध्याकाळी कुणाचा बैल कुठला हे निवडत बसावं लागायचं. अशी ही बाई चौऱ्याहत्तर साली लग्न होऊन नाशिक रोडला आमच्या कॉलनीत आली. मी दिवसा नोटा छापायच्या प्रेसमध्ये आणि संध्याकाळी कबड्डीच्या मैदानात. चढाई माझी. म्हणजे एकट्यानं दम धरून समोरच्या सातजणांच्या घरात शिरायचं, कुणाला तरी शिवायचं आणि दम सुटायच्या आत मधल्या रेषेला परत यायचं.

शहात्तरच्या जयंतीला कॉलनीत सामने होते. माईकवर रंगनाथ मास्तर. मास्तर गृहस्थ चांगले, पण बोलणं सावकाश. बाद झालेला गडी घरी जाऊन जेवून यायचा, तोवर त्याच्या चढाईचं मास्तरांचं वाक्य संपलेलं नसायचं. त्या दिवशी कुण्या म्हातारीचा चष्मा हरवला, तेवढं सांगायला ही माईकपाशी गेली. मास्तर म्हणाले, "तुम्हीच सांगा बाई, मी पाणी पिऊन येतो."

"काळ्या काड्यांचा चष्मा सापडल्यास," एवढं ही बोलली आणि समोर चढाई सुरू झाली. हिला राहवेना. "सापडल्यास... अरे, डावा कोपरा पुढं आला! साखळी फसली, गेला गेला, नाही गेला, पाय धरला, कंबर धरली, बाद शे, बाद शे!"

भरात आली की हिच्या तोंडी 'आहे'चं माहेरचं 'शे' यायचं. सगळं मैदान उठून उभं राहिलं. स्टेशनातून सुटलेली मेल जागच्या जागी थांबली, ड्रायव्हरनं खिडकीतून डोकं काढून विचारलं, "गुण किती झाले?" मास्तर पाण्याचा पेला घेऊन परत आले, क्षणभर ऐकत उभे राहिले आणि तो भरलेला पेला त्यांनी हिच्यापुढं ठेवला. म्हणाले, "बाई, घसा तुम्हाला लागणार आहे."

तेव्हापासून माईक हिचा. अंबडच्या कारखान्यांचे सामने असोत की देवळालीचे, आधी हिची तारीख विचारायचे, मग मैदानाची. अडचण एकच होती. ती म्हणजे मी.

आमच्यात बायको नवऱ्याचं नाव घेत नसे. तुम्ही म्हणाल, तेव्हा कुणीच घेत नसे. पण आमच्या घरात त्याला कारण होतं. माझी आई धोंडाबाई. तिच्या लग्नानंतर दुसऱ्या वर्षी बाजारात माझे वडील गर्दीत भलत्याच गाडीत चढायला लागले. आई घाबरली, सगळ्यांदेखत ओरडली, "जयराम!" वडील उतरले, दोघं हसत घरी आले. त्याच पावसाळ्यात तापानं वडील गेले. मी तेव्हा पोटात. नवऱ्याचं नाव घेतलं की त्याचं आयुष्य सरतं, हे आईला कुणी शिकवलं नव्हतं. तिनं ते डोळ्यांनी पाहिलं होतं. तिच्याशी कोण वाद घालणार?

म्हणून मी चढाईला निघालो की ही माईकवर म्हणायची, "आमचे हे चढाईला." कॉलनीला तेवढं पुरे होतं. पोरं टाळ्या पिटत ओरडायची, "आमचे हे! आमचे हे!" एका गावी तर गुण लिहिणारा नवखा होता. त्यानं ऐकलं तसं लिहिलं. अजून कपाटात ढाल आहे, 'उत्कृष्ट चढाई : श्री. आमचे हे'. दाखवली असती, पण किल्ली सापडत नाही.

मग चौऱ्याऐंशी साल आलं. राज्याचे सामने नाशिकला, आणि मुंबईहून टीव्हीची गाडी आली. बरोबर जाड चष्म्याचे एक साहेब. त्यांनी आपला सांगणारा आणला होता, पण त्याला आमचे गडी ओळखू येईनात. उपांत्य सामन्याला त्यांनी हिला बसवलं. त्या सामन्यात मी नव्हतो, गुडघ्याला फडकं बांधून बाहेर बसलो होतो. हिनं असं काही सांगितलं की साहेब कानावरचं ऐकायचं यंत्र काढून नुसतेच ऐकत बसले. शेवटी म्हणाले, "बाई, फार छान. फक्त थोडं कमी बोला. रेडिओवर सगळं सांगावं लागतं. इथं चित्रात सगळं दिसतं. एक गोष्ट दिसत नाही, ती म्हणजे नाव. नाव सांगणं हेच तुमचं खरं काम. उद्याचा अंतिम सामना नीट झाला तर यापुढचे आमचे सगळे सामने तुम्ही सांगायचे. नाही जमलं तर आमचा माणूस आहेच."

ही होय म्हणाली आणि घरी येऊन मटकन खाली बसली. कारण उद्या मी खेळणार होतो.

मी म्हणालो, "घे की बिनधास्त नाव. मला काही होत नाही. मी अजून चाळीस वर्षं तुझं डोकं खाणार."

"तुम्हाला काही होत नाही, मला माहितीय," ही म्हणाली. "पण उद्या तुम्हाला नुसती शिंक आली ना, तरी आत्याबाई मला बोल लावणार नाहीत. गप बसतील आणि रात्रंदिवस तुमच्या कपाळाला हात लावून बघतील. ते मला बघवायचं नाही."

"मग सोडून दे टीव्ही."

त्यावर ही एवढंच म्हणाली, "त्या खुर्चीत बसलं ना, की सगळं मैदान माझ्या हातात आल्यासारखं वाटतं हो."

आई दारामागून ऐकत होती. बाहेर आली, पानाला चुना लावत म्हणाली, "ए पोरी, लग्नात नाव घेतलंच होतंस ना?"

"ते उखाण्यात, आत्याबाई."

"मग! उखान्यात घेतलेल्या नावाचा दोष नाय लागत. लय जुनी गोष्ट हाय ती. उद्या घे उखाने. मी बसते मागं. उखाना सोडून नाव घेतलंस तर बघ."

ती खरंच आली. दुसऱ्या दिवशी हिच्या खुर्चीमागं, टीव्हीच्या वायरींवर मांडी घालून, पानाची चंची घेऊन. साहेबांनी उठवून बघितलं. साहेबच उठले.

सामना मुंबईशी. मी पहिल्या चढाईला निघालो, साहेबांनी हिला खूण केली, नाव! आणि हिनं सुरू केलं:

"मधल्या रेषेला ओढला पांढरा चुना, गोरक्षराव गेले आत, दोघांना शिवून आले पुन्हा!"

साहेबांच्या हातातली पेन्सिल पडली. "बाई, हा अंतिम सामना आहे की हळदीकुंकू?"

"नाव घेतलं ना?" मागून आई.

कॅमेरावाला पोट धरून हसत होता, प्रेक्षक माना वळवून हिच्याकडं बघत होते, आणि नाव तर आलंच होतं. साहेबांनी कपाळाचा घाम पुसला आणि चालू द्या म्हणून हात केला.

दुसऱ्या चढाईला: "सटाण्याचा कांदा, सोलावा पदर पदर, गोरक्षरावांच्या पायावर पंचांची नजर!" तिसऱ्याला मी सापडलो. सकाळी आमचं चहावरून वाजलं होतं, ते हिच्या डोक्यात असणार: "चहामध्ये ठेचून घातलं आलं, गोरक्षराव पकडले गेले, फार बरं झालं!"

आता तुम्हाला यातली गोम सांगतो. चढाई म्हणजे एका दमाचा खेळ. उखाणा म्हणजे निवांत बायकांचा खेळ. मी शिवून परत आलो आणि उखाणा अर्धाच राहिला, तर नाव पडतं भलत्याच गड्याच्या तोंडावर. चित्रात मुंबईचा कप्तान आणि आवाजात गोरक्षराव! म्हणून मी काय करायचो, हिचं यमक जुळेपर्यंत आतच थांबायचो. इकडून तिकडं, तिकडून इकडं, कबड्डी कबड्डी कबड्डी, आणि कान हिच्याकडं. हिनं नाव घेतलं की मग परत.

आमचा कप्तान झुंबर पिसाळला. "अरे ए गोरख्या, तू चढाई करतोस का बायकोची वाट बघतोस?"

"दोन्ही!" मी म्हणालो.

शेवटची चढाई आली. आम्ही एका गुणानं मागं. दोघांना शिवून परत आलं की करंडक नाशिकचा. चढाईला मी. समोर सात पहाड. मी आत शिरलो आणि हिचा आवाज आला, "दारणेच्या पुलावर उभी राहिली मेल..."

आणि थांबला.

मी मान तिरकी करून बघितलं. ही दोन्ही हातांनी टेबल धरून बसली होती. सगळे उखाणे संपले होते. मी एकाला शिवलं, दुसऱ्याला शिवलं. आता फिरायचं. पण नाव कुठंय? सातजणांत मी मनात यमकं शोधतोय, तेल जुळतं, वेल जुळते, बाई काहीतरी बोल! साहेब हवेत बोट नाचवतायत, नाव, नाव! त्यांचा मुंबईचा माणूस खुर्ची पुढं सरकवायला लागला. हिच्या डोळ्यांतून पाणी, पण तोंड बंद. मागं आई बसलीय ना.

माझा दम सरत आला. कबड्डीचा 'क' तेवढा उरला. तोंड लाल, मग जांभळं. कानात घंटा. परत वळावं तर हिची खुर्ची जाते, न वळावं तर सामना जातो. मी थांबलो. केरू, माणूस आयुष्यात एकदाच असा थांबतो.

आणि आईनं माझं तोंड पाहिलं. चंची फेकून ती वायरींवर उभी राहिली आणि ओरडली, "अगं ए चांगुणा, बघतेस काय! घे की त्याचं नाव! माझं पोरगं मरतंय तिथं!"

बघा, काय उलटं झालं. जे नाव घेतल्यानं माणूस जातो म्हणून तिनं इतकी वर्षं अडवलं, तेच नाव घ्यायला ती सुनेची पाठ थोपटत होती. थोपटत कसली, बुक्क्या मारत होती.

ही उभी राहिली. उखाणा नाही, राव नाही, आमचे हे नाही. माईकमध्ये, महाराष्ट्रभर, स्वच्छ: "गोरक्ष!"

काय सांगू तुम्हाला. तो आवाज पाठीत शिरला आणि माझ्यात नवा दम भरला. आईनं घाबरून डोळे मिटले होते, ते उघडून तिनं मला बघितलं, मी जिवंत. पुन्हा बघितलं, तरी जिवंत. मग ती खाली बसून रडायला लागली, हसायलाही लागली, आणि साहेबांनाच पान देऊ केलं.

त्या एका नावावर साहेबांनी हिला कायमचं घेतलं. पुणं झालं, कोल्हापूर झालं, पुढं दिल्लीसुद्धा झाली. कबड्डी, खोखो, एकदा तर माणूस आला नाही म्हणून पोहण्याच्या शर्यती सांगितल्या, पाण्याकडं बघायची भीती वाटत असताना. रविवारी कॉलनीच्या हॉलमध्ये टीव्ही लागायचा. आई सगळ्यांत पुढं. ही कुणाकुणाची नावं घ्यायची, आणि आई दर नावाला पुटपुटायची, "शंभर वर्षं जग रे बाबा." तिचा तो नेमच झाला. म्हणजे नाव घेतलं की आयुष्य सरतं ते गेलं, आणि नाव घेतलं की आयुष्य वाढतं ते आलं. असे किती खेळाडू तिनं म्हातारे करून ठेवलेत, हिशेब नाही.

काय म्हणतोस केरू? त्या चढाईचं काय झालं? अरे, सांगायचं राहिलंच. नाव कानावर पडलं तसा मी वळलो. सातच्या सात अंगावर आले. दोघांना खांद्यावर घेतलं, एक पायाला लोंबकळत होता, उरलेले मागून ओढत होते. तो सगळा डोंगर घेऊन मी उडालो, आणि हवेतूनच हे असं बोट लांब करून रेषेला...

"कुठं रेषेला?" चांगुणा म्हणाली. सोललेल्या शेंगांची पाटी तिनं खाली ठेवली. "चार बोटं अलीकडं दम सुटला तुमचा. मी पहिल्यांदा नाव घेतलं ते काय सांगायला? 'गोरक्ष बाद' हे सांगायला! अर्धंच सांगता होय लोकांना? सामना घालवला, आणि वर दात काढत, माझ्याकडं बघत उठलात. हरलेला माणूस कधी असा हसतो का हो? झुंबरभाऊजी मारायला धावले होते तुम्हाला."