पुलावरची रांग

कंपनी बुडाली आणि यूनुस वेल्डर सौदीतल्या यान्बूच्या कामगार कॅम्पात अडकून पडला. पासपोर्ट कफीलकडे, म्हणजे व्हिसा देणाऱ्या मालकाकडे, आणि तो लेकाचा फोन उचलेना. पोलंडचा म्हातारा फोरमन झेनॉन, त्याचीही तीच गत.

दुपारी झेनॉनने वाळूत काडीने आपलं गाव काढलं. तीन बाजूंनी नदी, चौथीकडे दलदल, बाहेर पडायला एकच लाकडी पूल. युद्धात जर्मन शिपायांनी पुलावर चौकी बसवली आणि सगळ्यांचे कागद काढून घेतले.

“मग सुटले कसे लोक?”

“एका सकाळी शिपाईच पळाले. आजी सांगायची, तरी दोन दिवस पूल कोणी ओलांडला नाही. सगळे रिकाम्या चौकीसमोर रांग लावून उभे.”

यूनुस पोट धरून हसला. “काय खुळी माणसं म्हणायची ही!”

संध्याकाळी तो खुबूस रोट्या आणायला निघाला. गेटवरचा पहारेकरी कालच काम सोडून गेला होता, फाटक सताड उघडं होतं. यूनुसने रोजच्यासारखा इकामा, राहण्याचा परवाना, पहारेकऱ्याच्या खिडकीत ठेवला आणि बाहेर जायच्या पासची वाट बघत उभा राहिला.

थोड्या वेळाने झेनॉन आला आणि त्याच्या मागे उभा राहिला.